कोरेगावचा स्तंभ, एक माहितीपट आणि ‘आठवण’ नावाचा पुरावा

शिरूरहून पुण्याकडे येणाऱ्या एसटीत बसलात तर आधी रांजणगाव लागतं. महागणपतीचं देऊळ, पेढे-हाराची दुकानं, एमआयडीसीतल्या कंपन्या, शिफ्ट सुटायच्या वेळची गर्दी. पुढे शिक्रापूर, सणसवाडी, कोरेगाव भीमा. भीमेचा पूल ओलांडला की पेरण्याच्या हद्दीत तो उंच दगडी स्तंभ. रांजणगावपासून साधारण वीस किलोमीटर. महागणपतीच्या देवळाशी थोरल्या माधवराव पेशव्यांचं नाव जोडलेलं आहे, गाभाऱ्याचं काम त्यांनी केलं असं तिथे सांगतात. आणि त्याच रस्त्यावरच्या या स्तंभाशी पेशवाईच्या शेवटाची आठवण जोडलेली आहे. आपण दोन्हींवरून एकाच तिकिटात जातो.

एक जानेवारीला मात्र हा रस्ता नेहमीसारखा राहत नाही. नगरकडून येणारी वाहनं शिक्रापूरहून चाकणकडे वळवतात. रांजणगाव परिसरातल्या माणसाला विचारा, तो आधी वाहतुकीबद्दलच बोलेल, “एक तारखेला पुण्याला निघायचं नाही.” हेही एक स्मरणच, पण त्यावर प्रबंध लिहायचं कुणाच्या मनात येत नाही.

मला आज ज्याच्याबद्दल सांगायचंय तो आहे सोमनाथ वाघमारे या दिग्दर्शकाचा ‘द बॅटल ऑफ भीमा कोरेगाव: अ‍ॅन अनएंडिंग जर्नी’ हा २०१७ सालचा माहितीपट. तुमच्यापैकी बरेच जण नेट देऊन, पीएचडीची प्रवेश परीक्षा देऊन आता सिनॉप्सिस लिहायला बसला असाल, आणि ‘स्मृती’, ‘आघात’, ‘अस्मिता’ हे शब्द शीर्षकात हवेतच असं वाटत असेल. मलाही तसंच वाटायचं. म्हणून माहितीपटाकडे पुरावा म्हणून कसं बघायचं, हे या एका उदाहरणावरून सांगते.

आधी लढाई, थोडक्यात. ३१ डिसेंबर १८१७ च्या रात्री कॅप्टन फ्रान्सिस स्टाँटन शिरूरच्या छावणीतून पुण्याच्या मदतीला निघाला. बरोबर बॉम्बे नेटिव्ह इन्फन्ट्रीच्या पहिल्या रेजिमेंटची दुसरी पलटण, थोडं घोडदळ, दोन तोफा आणि मद्रासचे गोलंदाज, सगळे मिळून आठशेच्या आसपास. रात्रभर चालून १ जानेवारी १८१८ ला सकाळी कोरेगावजवळ पोचला तेव्हा समोर दुसऱ्या बाजीरावाची फौज होती, वीस हजारांहून जास्त. ती सगळी लढली नाही. गावावर चालून गेल्या त्या साधारण दोन हजारांच्या तुकड्या, त्यात अरब होते, गोसावी होते. दिवसभर गल्लीबोळांत, पाण्यावाचून लढाई झाली. कंपनीची २७५ माणसं मेली, जखमी झाली किंवा बेपत्ता झाली. रात्री पेशव्यांची फौज निघून गेली, जनरल स्मिथ मागावर येत होता. स्टाँटनही पुण्याला पोचला नाही, उलटा शिरूरला परतला. बाजीराव शरण आला तो जून १८१८ मध्ये.

म्हणजे ‘पाचशेंनी अठ्ठावीस हजारांना हरवलं’ हे वाक्य लष्करी इतिहासाच्या कसोटीवर जसंच्या तसं टिकत नाही. स्तंभावर मृत सैनिकांची ४९ नावं आहेत, त्यांतली २२ ‘नाक’ या प्रत्ययाने संपतात, म्हणजे महार सैनिकांची. बाकीच्यांत मराठा आहेत, मुसलमान आहेत, इतरही आहेत.

इथे बरेच नवे संशोधक थांबतात. ‘आख्यायिका खोटी ठरली’ म्हणून एक प्रकरण लिहून टाकतात आणि गाईडही खूश होतो. पण जरा थांबा. दगडाचा इतिहास १८१८ ला संपत नाही, तिथून तो सुरू होतो.

स्तंभाची पायाभरणी झाली १८२१ मध्ये. त्यावरचा मजकूर इंग्रजी आणि मराठीत आहे, आणि तो साम्राज्याच्या विजयाचा आहे. त्यात अस्पृश्यतेबद्दल चकार शब्द नाही. असणार तरी कशाला? मग १८९० च्या दशकाच्या सुरुवातीला इंग्रजांनी महारांची लष्करभरती बंद केली. ज्यांच्या जिवावर लढले त्यांनाच दार बंद. गोपाळबाबा वलंगकर हे निवृत्त हवालदार. त्यांनी १८९४ साली याविरुद्ध अर्ज तयार केला. १९१० मध्ये शिवराम जानबा कांबळे यांनी दख्खनच्या महारांच्या वतीने थेट भारतमंत्र्यांकडे अर्ज पाठवला. नोकरी परत मागताना पूर्वजांची कामगिरी दाखवावी लागते, आणि ती तर दगडावर कोरलेली होतीच. इंग्रजांनी स्वतःच्या कौतुकासाठी उभारलेला स्तंभ आता इंग्रजांनाच दाखवायचा पुरावा होऊ लागला. १ जानेवारी १९२७ ला डॉ. बाबासाहेब आंबेडकर तिथे आले. त्यानंतर तीन महिन्यांच्या आत, मार्चमध्ये, महाडचं चवदार तळं झालं. १९४१ मध्ये महार रेजिमेंट उभी राहिली तेव्हा तिच्या पहिल्या बिल्ल्यावर हाच स्तंभ होता. स्वातंत्र्यानंतर तो गेला आणि त्याच्या जागी खंजीर आला.

एकच दगड, आणि दर पिढीला त्याचा अर्थ वेगळा. प्रा. श्रद्धा कुंभोजकर यांनी २०१२ साली ‘इकॉनॉमिक अँड पोलिटिकल वीकली’मध्ये याच स्मारकाच्या बदलत्या स्मृतींवर लेख लिहिला आहे. विषय कुठलाही असो, तो लेख वाचा. स्मारकावर काम कसं करावं याचा तो चांगला नमुना आहे.

आता आघाताकडे. या शब्दाबाबत माझी एक तक्रार आहे. पाश्चात्त्य विद्यापीठांतून आलेली ही संकल्पना आपण जशीच्या तशी उचलतो. तिच्यात साधारण असं गृहीत असतं की एक भयंकर घटना घडली, ती संपली, आणि वाचलेल्यांच्या, त्यांच्या मुलानातवांच्या मनात ती राहिली. क्लॉद लान्झमनचा ‘शोआ’ (१९८५) हा ज्यूंच्या संहारावरचा नऊ तासांहून मोठा माहितीपट घ्या. त्यात त्या काळाचं एकही जुनं चित्रण वापरलेलं नाही. आजची जागा, आजची माणसं आणि त्यांची साक्ष, एवढंच. कोरेगाववर फिल्म करणाऱ्यालाही जुनं चित्रण मिळणार नसतंच. १८१८ मध्ये कॅमेरा नव्हता. पण लान्झमनसमोर बसलेले लोक तिथून वाचून आलेले होते. वाघमारेंसमोर बोलणाऱ्या कुणाच्या आजोबांच्या आजोबांनीही कदाचित ती लढाई पाहिली नसेल. मग ही साक्ष कशाची?

इथे मला मुक्ता साळवे आठवतात. जोतिराव-सावित्रीबाईंच्या शाळेतली चौदा वर्षांची मातंग मुलगी. १८५५ मध्ये तिचा निबंध ‘ज्ञानोदय’मध्ये छापून आला, मांग-महारांच्या दुःखाविषयी. त्यात ती बाजीरावाच्या राज्यातल्या गोष्टी सांगते: तालीमखान्यासमोरून जाणाऱ्या मांग-महाराचं मुंडकं उडवून गुलटेकडीच्या मैदानात त्याचा चेंडू करत, वाड्यांच्या पायात त्यांना तेल-शेंदूर पाजून पुरत. तेव्हा पेशवाई बुडून सदतीस वर्षं झाली होती. मुक्ताने स्वतः हे पाहिलेलं नाही, ती जन्मलीच नव्हती. घरात, वस्तीत ऐकलेलं आहे.

परीक्षेत प्रश्न आला की मुक्ताचा निबंध प्राथमिक साधन की दुय्यम, तर काय लिहाल? उत्तर प्रश्नावर अवलंबून आहे. १८१० साली गुलटेकडीवर नेमकं काय घडलं हे विचारत असाल तर ते ऐकीव साधन आहे, इतर पुराव्यांशी ताडून पाहावं लागेल. पण १८५५ साली पुण्यातल्या मांगवाड्यात पेशवाईबद्दल काय बोललं जात होतं, म्हातारी माणसं पोरांना काय सांगत होती, असं विचाराल तर याहून थेट साधन मिळणं मुश्कील. एकच कागद, दोन प्रश्न, दोन वेगळे दर्जे. हे एकदा डोक्यात बसलं की माहितीपटाचं कोडंही सुटायला लागतं.

आंबेडकरांनी ‘अ‍ॅनिहिलेशन ऑफ कास्ट’मध्ये (१९३६) पेशव्यांच्या पुण्यातल्या अस्पृश्याच्या कमरेचा झाडू आणि गळ्यातलं मडकं यांचा उल्लेख केला. ही प्रतिमा आज लाखो लोकांच्या मनात आहे. कोरेगावला येणारा माणूस लढाईची आठवण घेऊन येतो असं आपण म्हणतो, पण मला वाटतं तो झाडू-मडक्याची आठवण घेऊन येतो, आणि लढाई म्हणजे तो दिवस ज्या दिवशी त्याच हातात बंदूक होती. आघात लढाईचा नाही. लढाई हे आघाताला दिलेलं उत्तर आहे, आणि ते उत्तर दरवर्षी पुन्हा द्यावं लागतं, कारण आघात १८१८ ला संपलेला नाही. विहीर, घर भाड्याने मिळणं, लग्न, आडनाव विचारल्यानंतरची शांतता, हे सगळं चालू वर्तमानकाळ आहे. चालू असलेल्या गोष्टीला ‘ऐतिहासिक आघात’ म्हणताना म्हणूनच पेन जरा अडखळायला हवं.

यान आसमान या जर्मन अभ्यासकाने स्मृतीचे दोन टप्पे मांडलेत. माणसाकडून माणसाकडे बोलण्यातून जाणारी स्मृती साधारण ऐंशी ते शंभर वर्षं टिकते. त्यानंतर ती टिकवायची तर सण, स्मारक, ग्रंथ, विधी यांचा आधार लागतो. तिला तो सांस्कृतिक स्मृती म्हणतो. कोरेगावला हे लावून बघा. १८१८ अधिक शंभर म्हणजे १९१८. आणि १९२७ ला बाबासाहेब स्तंभापाशी येतात. प्रत्यक्ष सांगणारी माणसं संपल्यावर काही वर्षांतच आठवणीला तारीख मिळाली, जागा मिळाली, पुढे यात्रा मिळाली. सिद्धांत इतका नीट बसला की मला लगेच संशय येतो, हेही सांगून ठेवते. मधल्या काळातल्या त्या अर्जांनी हे काम आधीच सुरू केलं होतं, तेव्हा १९२७ ला सगळं श्रेय देणं घाईचं होईल.

आता फिल्म. सोमनाथ वाघमारे हे स्वतः दलित समाजातून आलेले दिग्दर्शक आणि संशोधकही. टाटा सामाजिक विज्ञान संस्थेत पीएचडी करणारे. म्हणजे आपल्यातलेच. नंतर त्यांनी गेल ऑम्वेट आणि भारत पाटणकर यांच्यावर ‘गेल अँड भारत’ केला, दादरच्या चैत्यभूमीवर ‘चैत्यभूमी’ (२०२३) केला. विषय बघा: रणस्तंभ, चैत्यभूमी, चळवळीतलं जोडपं. गर्दी जिथे दरवर्षी परत येते, त्या जागा त्यांना बोलावतात. दलितांच्या गोष्टी दलितेतरांनीच सांगितल्या, आणि त्यात दलित बहुतेक वेळा फक्त पीडित म्हणून दिसले, हे ते मुलाखतींतून सतत मांडतात. कोरेगाव हा विषय त्या तक्रारीला दिलेलं उत्तरच आहे. इथे जमलेला माणूस रडायला येत नाही, अभिवादनाला येतो.

तुलनेला आनंद पटवर्धनांचा ‘जय भीम कॉम्रेड’ (२०११) घ्या. ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई नगरात आंबेडकरांच्या पुतळ्याची विटंबना झाली, जमलेल्या लोकांवर राज्य राखीव पोलीस दलाने गोळीबार केला, दहा माणसं मेली. काही दिवसांत शाहीर विलास घोगरे यांनी आत्महत्या केली. पटवर्धनांच्या आधीच्या ‘हमारा शहर’मध्ये घोगरे गायले होते. म्हणजे जुनी ओळख होती, आणि त्या ओळखीतून चौदा वर्षांचं चित्रीकरण उभं राहिलं. तिथे आघात ताजा आहे, त्याला खटला आहे, साक्षी आहेत. पटवर्धन बाहेरचे, पण टिकून राहिलेले. वाघमारे आतले. कोण श्रेष्ठ हा प्रश्न मला कंटाळवाणा वाटतो. तुम्ही वेगळं विचारा: कॅमेऱ्यामागे कोण आहे यामुळे समोरचा माणूस काय सांगायचं सोडतो आणि काय सांगायला धजतो? आतल्या माणसाला ‘तुम्हाला माहितीच आहे’ म्हणून अर्धं वाक्य मिळतं. बाहेरच्याला पूर्ण वाक्य मिळतं, पण कधीकधी ते पाहुण्यासाठी नीट केलेलं असतं.

आणि चौकटीबाहेर कोण राहिलं तेही बघावं लागतं. कोरेगाव हे राहतं गाव आहे. तिथल्या इतर घरांच्याही स्वतःच्या आठवणी आहेत, जवळच वढू बुद्रुकला संभाजीमहाराजांची समाधी आणि गोविंद गोपाळ यांची समाधी, त्यावरचे वाद. एका फिल्ममध्ये हे सगळं येत नाही, येऊही नये. पण तुमच्या प्रबंधात यायला हवं.

या फिल्मचं मोल मला सर्वांत जास्त जाणवतं ते तिच्या सालामुळे. २०१७. पुढच्याच १ जानेवारीला, लढाईला दोनशे वर्षं झाली त्या दिवशी, कोरेगाव, सणसवाडी, शिक्रापूर परिसरात दगडफेक आणि जाळपोळ झाली, एका तरुणाचा जीव गेला. ३ जानेवारीला महाराष्ट्र बंद. मग गुन्हे, अटका, निवृत्त मुख्य न्यायमूर्ती जे. एन. पटेल यांचा चौकशी आयोग, प्रतिज्ञापत्रं. त्यानंतर ‘भीमा कोरेगाव’ हा शब्द आधी २०१८ ची आठवण करून देतो, १८१८ ची नंतर. आज तुम्ही तिथे रेकॉर्डर घेऊन उभे राहिलात तर समोरचा माणूस २०१८ मधूनच बोलणार, त्याने तारीख उच्चारली नाही तरी. वाघमारेंच्या कॅमेऱ्यासमोर बोललेल्या माणसांना मात्र पुढे काय होणार आहे ते ठाऊक नव्हतं. दंगलीची सावली पडायच्या आधीचं ते बोलणं आहे, आणि तसं बोलणं आता कुणालाच नव्याने रेकॉर्ड करता येणार नाही. दिग्दर्शकाने असं काही ठरवलं नव्हतं. पण १८१८ बद्दल काही सिद्ध करायला ही फिल्म जितकी अपुरी, तितकीच २०१७ पर्यंतच्या स्मरणाबद्दल बोलायला ती भक्कम आहे.

दलित विचारवंतांचंही यावर एकमत नाही, हे मुद्दाम सांगते, कारण सिनॉप्सिसमध्ये ‘दलित स्मृती’ असं एकवचन सर्रास दिसतं. जानेवारी २०१८ मध्येच आनंद तेलतुंबडे यांनी लेख लिहून म्हटलं की हे मिथक ज्या अस्मितांच्या पलीकडे जायचं त्यांनाच बळकट करतं. त्यांच्यावर तेव्हा पुष्कळ टीका झाली. मला त्यांचा इतिहासाचा भाग पटतो, निष्कर्ष पूर्ण पटत नाही. मिथक मोडून जागा रिकामी राहत नाही, तिथे कुणाचं तरी दुसरं मिथक येऊन बसतं. पण तुम्ही दोन्ही बाजू वाचा आणि स्वतः ठरवा.

माझ्या पहिल्या फील्डवर्कमधली चूकही सांगते. स्तंभापाशी एका वृद्ध बाईंना मी विचारलं, “आजी, लढाईत आपले किती सैनिक होते?” पाठ केल्यासारखा आकडा आला आणि बोलणं संपलं. त्या चहाकडे वळल्या. दुपारी पुन्हा भेटल्या तेव्हा काहीतरी विचारायचं म्हणून विचारलं, “तुम्हाला इथे पहिल्यांदा कोणी आणलं?” मग पाऊण तास गेला. सासरा, ट्रक, बरोबर बांधलेल्या भाकरी, थंडी, वाटेत कुणी पाणी दिलं आणि कुणी दिलं नाही. मोरीस हाल्बवाक्स या फ्रेंच समाजशास्त्रज्ञाने १९२५ मध्येच लिहिलंय की माणूस एकटा आठवत नाही, आपल्या गटाच्या चौकटीत आठवतो. मी ते वाचलेलं होतं, नेटच्या पेपरात लिहिलेलंही होतं. तरी प्रश्न आकड्याचाच विचारला.

तेव्हा फिल्म पाहताना एक करा. पहिल्यांदा सरळ बघा. दुसऱ्यांदा प्रत्येक बोलणाऱ्यापुढे लिहा: हा माणूस हे कुठून शिकला? घरातून, सभेतून, पुस्तकातून, गाण्यातून, की आदल्या वर्षी इथेच? तक्ता भरला की स्मृती कुठल्या वाटांनी चालते ते दिसू लागतं. तो तक्ता तुमचा, तो कुठल्याही पुस्तकात मिळणार नाही.

एक राहिलं, संमतीचं. संमतीपत्रावर सही घेतली की काम झालं असं आपल्याला शिकवतात. पण कोरेगावसारख्या ठिकाणी आज निर्धास्त बोललेलं वाक्य उद्या एखाद्या चौकशीत वाचलं जाऊ शकतं, आणि सही करताना हे ना त्या माणसाला माहीत असतं ना तुम्हाला. माहितीपटात चेहरा दिसतो, तो लपवता येत नाही, दिग्दर्शकाला ती जोखीम बोलणाऱ्यासोबत उचलावी लागते. आपल्याला लपवता येतो. त्या आजींचं गाव, सासऱ्याचं नाव, ट्रक कुठून सुटायचा ते सगळं माझ्या वहीत आहे. प्रबंधाच्या मसुद्यात त्यांतलं काहीच नाही, आणि गाईडनी दोनदा विचारूनही मी ते अजून घातलेलं नाही.